कात्रीनंतरचा बहर

"विकत नाही," तो म्हणाला.

गिऱ्हाईक समोर उभे आहे, माल मांडलेला आहे, आणि विकणारा विकायला नकार देतो आहे, असा प्रसंग वेंके बार्टेलच्या एकतीस वर्षांच्या आयुष्यात आजवर आला नव्हता. जुलैच्या मध्यावरचा शनिवार होता. दुपारचे दोन वाजले होते. रोपवाटिकेच्या भिंतीवरचा पारा छत्तिसावर जाऊन बसला होता आणि तिथून हलायची त्याची लक्षणे नव्हती. पहाटेची पाळी संपवून वेंके ट्रामच्या आगारातून थेट इथे आली होती. चालकाचा निळा सदरा अजून अंगावरच होता. मागे लाकडी हातगाडा होता, आणि गाड्यात तिने अर्धा तास खपून निवडलेल्या, फुलांनी डवरलेल्या कुंड्या होत्या — जांभळा सॅल्व्हिया, गुलाबी फ्लॉक्स, पिवळी सूर्यटोपी.

"विकत नाही म्हणजे?"

"म्हणजे आज नाही. सप्टेंबरात या. सगळी देतो."

"मला आज हवीत."

"या उन्हात बहुवार्षिक रोपं लावत नाहीत, बाई. ही काही एका मोसमाची पाहुणी नव्हेत. हिवाळाभर जमिनीत दडी मारायची, वसंतात पुन्हा वर यायचं, असं वीस-वीस वर्षं चालवायचं असतं त्यांना. त्यासाठी आधी मुळं धरावी लागतात. आज लावलीत तर मंगळवारपर्यंत काड्या होतील, आणि बुधवारी तुम्ही इथे याल भांडायला."

"भांडायचंच आहे तर बुधवारची वाट कशाला? आजच भांडू."

तेव्हा कुठे त्याने मान वर केली. उन्हाने रापलेला लांबट चेहरा, कानावर खोचलेली पेन्सिल, आणि डोळे मात्र सावलीत वाढल्यासारखे शांत, हिरवट. हसू ओठांपर्यंत येऊन तिथेच अडले होते.

"भांडा," तो म्हणाला.

वेंकेने आपली बाजू मांडली, आणि ती मुद्देसूद मांडली. कारण गेला महिनाभर ती रोज मनातल्या मनात हेच मांडत होती. नदीकाठच्या बागसंघात बागेच्या तुकड्यासाठी तिने सात वर्षे यादीत नाव ठेवून काढली होती. गेल्या शरदात तुकडा मिळाला. मार्चमध्ये बर्फावरून घसरून मनगट मोडले, जूनपर्यंत हात प्लास्टरात राहिला, आणि तेवढ्या अवधीत गवताने बागेचा ताबा घेतला. मग संघाचे पत्र आले. ऑगस्टच्या शेवटच्या शनिवारी पाहणी. तोवर बाग लावलेली दिसली नाही, तर तुकडा यादीतल्या पुढच्या माणसाला.

"गवत मी उपटलं," ती म्हणाली. "हे मनगट घेऊन, सगळं. आता तिथे जुनं सफरचंदाचं झाड आणि कडेची झुडुपं सोडली तर नुसती माती आहे. सप्टेंबरात लावायला माझी काहीच हरकत नाही, पण सप्टेंबरात ती बाग दुसऱ्याची असेल. मी दिवसभर त्याच रुळांवरून जाते आणि त्याच रुळांवरून परत येते. लोक चढतात, उतरतात, कुठेतरी पोचतात. मला एक जागा हवी होती, जिथे मी पोचेन. त्यामुळे, गाडा सोडा."

"कुठला तुकडा?"

"सत्तेचाळीस. अक्रोडाशेजारचा."

त्याचा हात पेन्सिलीकडे जात होता. तो अर्ध्या वाटेत थांबला. क्षणभरच... मग त्याने पेन्सिल काढली, कुंडीतली नावाची पांढरी पट्टी उपसली आणि पट्टीच्या मागच्या बाजूला काहीतरी खरडले.

"तिथे ऊन किती वाजता उतरतं?"

"सहाला अक्रोडाची सावली येते."

"सहाला येतो. रोपं मी आणीन. तुम्ही पाणी भरून ठेवा, जितकं भरता येईल तितकं. आणि घरात जुन्या चादरी असतील तर त्या आणा. पांढऱ्या."

"चादरी?" वेंकेने भुवया उंचावल्या. "मी रोपं घ्यायला आले होते, हेर..." आदराचे संबोधन तिने लावले, पण पुढचे नाव तिला ठाऊक नव्हते.

"ऊलिश. फाल्क ऊलिश."

"...हेर ऊलिश. संसार मांडायला नाही."

"संसाराला उशाही लागतात, फ्राऊ बार्टेल," सदऱ्यावरच्या तिच्या नावाच्या पट्टीकडे पाहत तो गंभीरपणे म्हणाला. "मी फक्त चादरी मागितल्यात."

*

सहा वाजता तो आला तो एकटा आला नाही. तिच्या कुंड्या तर होत्याच. शिवाय गाडीतून पाच ओली पोती उतरली. पोत्यांत मातीसकट उपटलेले, लांब पातींचे दणकट गड्डे होते. काहींच्या दांड्यांवर जर्द केशरी फुले अजून टिकून होती.

"एकदिवशी लिली," तो म्हणाला. "वाटिकेतला जुना वाफा आज मोडला, नव्याला जागा करायला. हिला उन्हाची भीती नाही. पोत्यात आठवडाभर विसरलात तरी आतून कोंब काढील. तुमची बाग मोठी आहे. त्या एवढ्याशा कुंड्यांनी ती काय भरणार?"

"एकदिवशी का?"

"एकेक फूल एकच दिवस टिकतं. सकाळी उमलतं, संध्याकाळी संपतं. पण दुसऱ्या दिवशी दुसरं असतं. आणि गड्डा तुमच्या-माझ्यापेक्षा जास्त जगतो."

त्याने एक गड्डा जमिनीवर ठेवला, दोन दातेरी फावडी पाठीला पाठ लावून त्याच्या ऐन मध्यात रोवली, आणि एक दांडा तिच्या हाती दिला. "तुम्ही तिकडे रेटा, मी इकडे. एकदम. मनगट दुखलं तर सांगा." दोघांनी रेटले. आत कुठेतरी मुळांचा गुंता करकरला, सुटला, आणि गड्डा दुभंगून दोन पुरी झाडे झाली.

"तोडलं की वाढतं, असं झाड पहिल्यांदा पाहिलं," वेंके म्हणाली.

"अजून तुम्ही काहीच पाहिलं नाही."

मग कुंड्यांची पाळी आली. कुंडी बादलीत बुडवली की मातीतून बुडबुडे उठत. ते थांबेपर्यंत काढायची नाही. दोघे बादलीच्या दोन बाजूंना उकिडवे बसले होते. एक रोप तरंगून वर यायला बघत होते. ते दाबून धरायला तिचा हात गेला, त्याचाही गेला. पाणी गार होते. बोटे मात्र...

"थांबले वाटतं बुडबुडे," ती म्हणाली.

"अजून एक राहिलाय," तो म्हणाला. वास्तविक एकही राहिला नव्हता.

खड्ड्यात आधी पाणी, ते जिरले की पुन्हा पाणी, मग रोप, मग पायाने माती दाबायची, भोवती आळे करायचे. वेंके हे सगळे शिकली. सत्तर रोपे जमिनीत गेली. ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली, आणि तिच्यासमोर जांभळे, गुलाबी, पिवळे, केशरी असे काही उभे राहिले की ती हातांची माती झटकायचीही विसरली. सात वर्षांच्या वाटेचे चीज एका संध्याकाळी झाले होते.

"आता कात्री," फाल्क म्हणाला.

"कशाला?"

"फुलं कापायला."

"कुठली फुलं?"

"सगळी. आणि पाल्याचं म्हणाल, तर वीतभर ठेवायचा."

"तुम्हाला ऊन लागलंय."

"फ्राऊ बार्टेल, आज मुळं तुटली आहेत. त्यांना पाणी ओढता येतंय ते मोजकं. एवढा पाला, एवढी फुलं, सगळी तेच पाणी मागणार. नव्या घरात सामान लावून होईपर्यंत कुणी पाहुणे बोलावतं का? ही फुलं पाहुणे आहेत. आज त्यांना निरोप द्या. सहा आठवड्यांनी पुन्हा येतील."

"पाहणी सहा आठवड्यांनीच आहे."

"म्हणून तर आज कापायची. उद्या नाही."

"आणि नाहीच आली तर?"

"तर मी ही कात्री खाईन."

"कात्री राहू द्या. मला जे कापायला लावताय, तेच खा."

तो खाली वाकला, एकदिवशी लिलीचे एक फूल दांड्यावरून खुडले, आतले परागकेसर झटकून काढले आणि सबंध फूल तोंडात घातले. वेंके बघतच राहिली. त्याने शांतपणे चावले, गिळले, आणि दुसरे फूल तिच्यापुढे धरले.

"हे खातात?"

"हिचंच फक्त. खरी लिली वेगळी; तिच्या वाटेला जाऊ नका, विषारी असते. ही नावाचीच लिली. घ्या. देठाकडून."

तिने खाल्ले. काकडीसारखे गार, कुरकुरीत, आणि शेवटी बुडाशी मधाचा एक थेंब. तो तिच्या तोंडाकडे निकाल ऐकायला आल्यासारखा पाहत होता.

"एकाच ताटातलं खाल्ल्यावर," ती म्हणाली, "हेर ऊलिश म्हणणं जरा... मी वेंके."

"फाल्क."

"कात्री दे, फाल्क."

तिने कापली. डोळे मिटून पहिले, उघडून दुसरे, आणि नंतर मोजदाद सोडून दिली. कापलेल्या लिलीच्या कळ्या त्याने बागेतल्या तिच्या लाकडी खोपीतल्या चुलीवर लोण्यात परतल्या. उरलेली फुले तिच्या मांडीवर आणून ठेवली. खुंटांभोवती काठ्या रोवून वर चादरी ताणल्या. शेवटी त्याने प्रत्येक रोपाशी एकेक पांढरी पट्टी खोचली आणि पेन्सिलीने नाव लिहिले.

"शाईनं का लिहीत नाहीस?"

"शाई उन्हात उडते. पेन्सिल राहते. दहा वर्षांनी पट्टी पुसून बघ, नाव तिथेच असतं."

*

त्यानंतरचे आठवडे वेंकेच्या आठवणीत राहिले ते पाण्याच्या झाऱ्यांच्या वजनाने. पाण्याची टंचाई होती. नळी लावायला बंदी, हातानेच घालायचे, आणि तेही सकाळी नवाच्या आत किंवा सायंकाळी सातनंतर. पाळी सकाळची असली की ती सायंकाळी घाली, सायंकाळची असली की सकाळी. फाल्क जवळजवळ रोज येई. कधी काम असे. नसे तेव्हा तो ते शोधून काढी.

बाकीचे सांगितले पाहिजे ते ट्रामचे. चालकाशी बोलू नये अशी पाटी प्रत्येक ट्राममध्ये असते, आणि ती पाटी मोडणारा माणूस या शहरात सहसा जन्माला येत नाही. फाल्कही त्यातला नव्हता. तिची पाळी दुपारी असली की तो पुलाजवळच्या थांब्यावर चढे, काचेच्या दाराशी उभा राही आणि वर लावलेल्या आरशात तिला दिसेल अशी रोपाची पांढरी पट्टी धरी. पहिल्या दिवशी पट्टीवर होते: ‘सॅल्व्हियाला कोंब. तीन.’ दुसऱ्या दिवशी: ‘फ्लॉक्स रुसलाय. जगेल.’ एकदा नुसते: ‘निळा सदरा शोभतो.’ त्या दिवशी ट्राम थांब्यापुढे चार हात जाऊन थांबली आणि उतारूंनी एकमेकांकडे पाहिले.

"बाई, ब्रेकला काही झालंय का?" एका आजोबांनी उतरताना विचारले.

"ब्रेक ठीक आहेत," वेंके म्हणाली. गाल मात्र तिने उतारू उतरेपर्यंत खिडकीकडे वळवून ठेवले होते.

पण खुंट ते खुंटच. तीन आठवडे झाले तरी बागेत वीतभर काड्या, त्यांच्या बुडाशी चिमूटभर हिरवे, आणि वर चादरी. येणारे-जाणारे कुंपणाशी थबकत. शेजारच्या फ्राऊ क्रेच्मार गेली एकतीस वर्षे अठ्ठेचाळीस नंबरची बाग करीत होत्या आणि पाहणीच्या मंडळात होत्या. एका सकाळी त्या कुंपणावरून वाकल्या.

"काय गं, बाग लावलीस की कपडे वाळत घातलेस?"

"सावली आहे ती, फ्राऊ क्रेच्मार. झाडांना."

"झाडं? कुठेत?" त्यांनी चष्मा सारखा केला. "ही? अगं, भरल्या फुलांची होती ना? मी पाहिली ना येताना! कुणी छाटली?"

"मीच. फाल्कनं सांगितलं... वाटिकेतला."

"ऊलिश?" फ्राऊ क्रेच्मारच्या हातातली टोपली खाली आली. "त्यानं सांगितलं, आणि तू कापलीस?"

"का?"

"पोरी, यादीत पहिलं नाव कुणाचं आहे ठाऊक आहे का तुला? सहा वर्षं झाली बिचाऱ्याला. तुझी बाग गेली की ती त्याला जाते. जानेवारीत यादी लागली होती फळ्यावर, मी स्वतः वाचली."

झारी भरून वाहत राहिली आणि पाणी वेंकेच्या बुटांत शिरले.

*

"सत्तेचाळीस म्हटलं तेव्हा तुमचा हात थांबला होता," ती म्हणाली. ती वाटिकेत आली होती ती धावतच. तो मांडवाखाली कुंड्या भरत होता.

‘तुमचा’ हा शब्द त्याला लागला. त्याने खुरपे खाली ठेवले.

"थांबला होता."

"यादीत पहिलं नाव तुमचं होतं?"

"होतं."

"आणि तुम्ही मला सांगितलं नाहीत."

"नाही सांगितलं."

"का?"

"सांगितलं असतं, तर तू मला पाऊल टाकू दिलं असतंस का तिथे?" तो थांबला. "वेंके, मी हजारो झाडांत दिवस काढतो. त्यांतलं एकही माझं नाही. सगळी दुसऱ्यांच्या घरी जायची. सहा वर्षं मी ती अक्रोडाची सावली बाहेरून बघितली. तू नंबर सांगितलास तेव्हा पहिली दहा मिनिटं माझ्या मनात काय आलं, ते मी खोटं सांगणार नाही. पण मग तू ते मनगट..."

"मी माझ्या हातांनी कापली!" तिचा आवाज चिरकला. "एकूण एक फूल. तुमच्या सांगण्यावरून. आणि आता दोन-अडीच आठवड्यांत संघाचे हेर पेट्सोल्ट फूटपट्टी घेऊन येतील आणि त्यांना तिथे चादरी दिसतील. छान जमवलंत."

तो बोलू शकला असता. वादात तो काही कमी नव्हता. पहिल्या दिवशी त्याने ते दाखवले होते. पण काही माणसे स्वतःच्या बाजूने बोलायची वेळ आली की नेमकी अडखळतात, आणि फाल्क ऊलिश त्यांतला होता. तो एवढेच म्हणाला:

"माझ्यावर रागव. हवं तेवढं. पण रागावलीस म्हणून पाणी थांबवू नकोस. चादरी रविवारी काढ, आता गरज नाही. आणि पाणी पानांवर नको, बुडाशी."

ती वळली आणि गेली. आता ट्राममध्ये पुलाजवळच्या थांब्यावर कुणी चढत नव्हते. ती मात्र त्या थांब्यावर जरा जास्त वेळ दार उघडे ठेवी, आणि स्वतःलाच त्याचे कारण विचारीत नसे.

पाणी तिने थांबवले नाही. रागाने घातले, पण बुडाशी घातले.

चादरी काढल्यावर चौथ्या दिवशी सॅल्व्हियाच्या एका खुंटातून सहा फांद्या फुटलेल्या दिसल्या. तिने मोजल्या, पुन्हा मोजल्या. जिथे एक दांडा कापला होता तिथे दोन आले होते, कुठे चार. आठवड्याने फ्लॉक्सचा रुसवा गेला. सूर्यटोपीची बटणे फुगली. आणि एका सायंकाळी, झारी टेकवून वाकली असता, लिलीच्या पात्यांच्या मधोमध बोटाएवढी टोकदार हिरवी कळी तिला दिसली. ती तिथेच मातीत बसली. विश्वास ठेवला असता, तर हा आनंद सांगायला आज शेजारी कुणी असते. आणि फाल्क खोटा ठरला असता, तर हा आनंदच नसता. म्हणजे तो खरा होता. ट्रामच्या वेळापत्रकाइतके हे सरळ होते. मग ते मान्य करायला इतके जड का जात होते?

त्या रविवारी ती वाटिकेपाशी गेलीदेखील. फाटकाला कुलूप होते.

*

पाहणीचा शनिवार उजाडला. रात्री गारवा आला होता. पहाटे बाग ओली होती आणि बागेत अकरा एकदिवशी लिली उमलल्या होत्या. त्यांच्यामागे सॅल्व्हियाची जांभळी भिंत, फ्लॉक्सचे गुलाबी ढीग, आणि पिवळ्या सूर्यटोप्यांवर भुंग्यांची अशी गर्दी की कुंपणाबाहेरून ऐकू यावी.

संघाचे अध्यक्ष हेर पेट्सोल्ट फाटकात थांबले. सडपातळ, करड्या मिशीचे, हातात वही, काखेत कुंपणाची उंची मोजायची काठी. त्यांच्यामागे फ्राऊ क्रेच्मार.

"अरे वा," ते म्हणाले. इतका मोठा शब्द त्यांनी त्या सकाळी सेहेचाळीस बागांत वापरला नव्हता.

"हीच का ती कपड्यांची बाग?" फ्राऊ क्रेच्मार म्हणाल्या, आणि मग काहीच म्हणाल्या नाहीत, हेही त्यांच्या बाबतीत पुष्कळ होते.

कुंपण मोजले, बरोबर निघाले. खोपी मोजली. मग हेर पेट्सोल्टनी फीत काढली आणि वाकून सफरचंदाचे झाड, कुंपणालगतची आंबट देठांची रुबार्ब आणि बेरीची झुडुपे मोजली. वहीत लिहिले. पुन्हा मोजले. मिशी चावली.

"फ्राऊ बार्टेल, मला वाईट वाटतं. तुकडा दोनशे चाळीस चौरस मीटरचा. नियमाप्रमाणे किमान एक तृतीयांश, म्हणजे ऐंशी, खाण्याच्या लागवडीखाली हवा. तुमचे भरतात एकसष्ट."

"पत्रात म्हटलं होतं, बाग लावलेली असावी!"

"पत्रात म्हटलं होतं, बाग नियमाप्रमाणे लावलेली असावी."

वेंकेच्या कानांत भुंगे घुमू लागले. पत्र तिने शंभरदा वाचले होते. नियमावली मात्र बाग मिळाली त्या दिवशी एकदाच. एकोणीस मीटर! सहा आठवडे, मोडके मनगट, हजार झाऱ्या... आणि एकोणीस मीटर. तिने बागेवरून नजर फिरवली. ती केशरी फुलांवर थांबली.

"हेर पेट्सोल्ट, तो नियम वाचून दाखवाल?"

त्यांनी वाचला. नियम वाचायला सांगितले की त्यांना मनापासून आनंद होई. "‘तुकड्याचा किमान एक तृतीयांश भाग स्वतःच्या खाण्याच्या उत्पन्नासाठी वापरला जावा.’"

"त्यात भाजी हा शब्द आहे?"

"...नाही."

"बटाटा?"

"नाही."

"मग तो वाफा मोजा. लिलीचा."

"फ्राऊ बार्टेल, ती फुलं आहेत."

"फुलकोबीही फूलच आहे. तुम्ही मोजता ना?"

"मोजतो," हेर पेट्सोल्ट सावधपणे म्हणाले. वादात कुणीतरी आपल्या तोडीचे भेटल्याची चमक त्यांच्या डोळ्यांत आली होती. "पण खाता येणं वेगळं आणि खाणं वेगळं. नियम म्हणतो, खाण्यासाठी."

"दहा मिनिटं द्या."

तिने सहा फुले आणि मूठभर कळ्या खुडल्या. चूल पेटली, लोणे वितळले. कळ्या चुरचुरल्या आणि खोपीभर भाजक्या शेंगांसारखा वास पसरला. फुले तिने तशीच बशीत मांडली, केसर झटकून. बशी टेबलावर ठेवली, तीन काटे ठेवले, आणि आधी स्वतः खाल्ले.

हेर पेट्सोल्टनी कळी काट्यावर घेतली, उजेडाकडे धरून तपासली, तोंडात घातली. फार वेळ चावली. दुसरी घेतली. तिसरी घेताना त्यांनी वही बाजूला सरकवली.

"मीठ कमी आहे," फ्राऊ क्रेच्मार म्हणाल्या, आणि बशी स्वतःकडे ओढली.

फीत पुन्हा निघाली. लिलीचा वाफा एकवीस मीटर भरला. हेर पेट्सोल्टनी बेरीज केली, बेरजेखाली रेघ मारली, आणि घसा साफ करून म्हणाले, "ब्याऐंशी. सत्तेचाळीस नंबर — मान्य."

वेंकेने फ्राऊ क्रेच्मारना मिठी मारली. हेर पेट्सोल्ट वेळीच दोन पावले मागे सरकले म्हणून वाचले.

"यादीतल्या पहिल्या माणसाला मात्र थांबावं लागणार," थोड्या वेळाने ती म्हणाली. बोलताना ती बशीकडे पाहत होती. "त्यांना... कळवाल ना?"

"कळवतो. नवराबायको आहेत, जुळी मुलं आहेत."

"जुळी? पण पहिलं नाव तर ऊलिश..."

"ऊलिश? छे! त्यांनी नाव केव्हाच काढलं." हेर पेट्सोल्ट वहीची पाने मागे उलटू लागले. "हे बघा, जुलैतला सोमवार. तुमचं लावणं झालं त्यानंतरचाच. सहा वर्षांनी, ऐन पहिल्या नंबरावर! मी विचारलं, का हो? म्हणाले, सत्तेचाळीस नंबरला हवा तो माणूस मिळालाय."

फ्राऊ क्रेच्मारनी काटा खाली ठेवला. "आणि हे तुम्ही मला आज सांगताय, पेट्सोल्ट?"

"यादी गोपनीय असते."

"जानेवारीत फळ्यावर लावलीत ती!"

त्यांचे पुढचे भांडण वेंकेने ऐकले नाही. फाटकातून ती परत फिरली ती एवढ्यासाठीच: "हेर पेट्सोल्ट, करारनाम्यावर भाडेकरूच्या नावाखाली एक रिकामी ओळ असते. ती कशाला?"

"सहभाडेकरूसाठी. का?"

"त्याचा कागद आहे आत्ता तुमच्याकडे?"

कागद त्यांच्याकडे होता. त्यांच्याकडे सगळे कागद नेहमीच असत.

*

वाटिकेत एक वयस्क गृहस्थ गवती टोपी घालून उभे होते. त्यांच्या हातात तीन कुंड्या होत्या आणि चेहऱ्यावर अपमान.

"विकत नाही," फाल्क त्यांना सांगत होता. "ऑगस्टचं ऊन आहे. तीन आठवड्यांनी या."

"विका त्यांना," मागून आवाज आला.

फाल्क वळला. वेंके धापा टाकत होती. केसांत माती होती, हातात दुमडलेला कागद होता, आणि सदऱ्याच्या खिशात एक केशरी फूल खोचलेले होते.

"या उन्हात लावत नाहीत," तो हळूच म्हणाला.

"लावतात. मी लावली आहेत." ती गृहस्थांकडे वळली. "आजोबा, घरी बादली आहे?"

"आहे."

"कात्री? जुन्या चादरी?"

"चादरी?" गृहस्थांनी टोपी मागे सारली. "मी झाडं घ्यायला आलोय, बाई."

"सगळे तसेच येतात," वेंके म्हणाली.

मग ती फाल्ककडे वळली. वाटेत जुळवलेली चार वाक्ये होती. त्यांतले एकही जागेवर सापडले नाही.

"अकरा उमलली," ती म्हणाली. "सहा खाल्ली. हेर पेट्सोल्टनी तीनदा घेतलं. ब्याऐंशी मीटर भरले... फाल्क, तू का बोलला नाहीस? एका वाक्यात संपलं असतं. नाव काढलंय म्हणाला असतास तर..."

"तू विचारलंस, यादीत नाव होतं का. होतं." त्याने पायाखालची माती बुटाने सारखी केली. "आणि काढलंय म्हटलं असतं तर ते उपकारासारखं वाटलं असतं. तुला बाग माझ्या उपकारानं नको होती. तुला ती मिळवायची होती."

"मिळवली."

"ऐकलं."

"पण एक अडचण आहे. दोनशे चाळीस मीटर माझ्या एकटीच्या मनगटाला झेपत नाहीत." तिने कागद उलगडून कुंड्यांच्या टेबलावर पसरला. वरच्या ओळीत तिचे नाव होते. खालची ओळ रिकामी होती. "सहा वर्षं थांबलास, तो नंबर तुझा आज लागलाय. सावली अर्धी तुझी. मोजून घे हवं तर. आणि... मी तुझ्यावर विश्वास ठेवला नाही, फाल्क. ते मला कापून टाकता आलं तर कापते. तू शिकवलंयस, कुठून कापायचं ते."

तो कागदाकडे पाहत राहिला. मग तिच्याकडे. पहिल्या दिवशी ओठांशी अडलेले ते हसू आज अडले नाही.

"पहिल्या दहा मिनिटांबद्दल मी सांगितलं होतं," तो म्हणाला. "अकराव्या मिनिटाचं राहिलं. तू म्हणालीस, मला एक जागा हवी जिथे मी पोचेन. मला तेव्हा वाटलं... हिच्या थांब्यावर मला उतरता आलं तर!"

वेंकेने खिशातले फूल काढले, केसर झटकले, अर्धे तोडून त्याला दिले आणि अर्धे आपल्या तोंडात घातले. तोंड भरलेले असताना चुंबन घेऊ नये, असा नियम निदान त्या नियमावलीत तरी नव्हता.

गृहस्थांनी सौजन्याने कुंड्यांवरच्या पट्ट्या वाचायला घेतल्या. सगळ्या वाचून झाल्या तेव्हा ते खाकरले.

"माझ्या रोपांचं काय ठरलं?"

"घेऊन जा," फाल्क म्हणाला. कानावरची पेन्सिल काढून तो कागदावर वाकला होता.

"पेन्सिलीनं?" वेंके म्हणाली. "हेर पेट्सोल्ट काय म्हणतील?"

"सांग त्यांना, शाई उडते." त्याने ठळक, सावकाश अक्षरांत रिकाम्या ओळीत आपले नाव लिहिले. "आजोबा, तुमच्याकडे ऊन किती वाजता उतरतं?"

"साडेपाचला."

"मग साडेपाचला येतो."

"आम्ही दोघं येतो," वेंके म्हणाली, आणि हातगाडा ओढायला दांड्याच्या एका बाजूला जाऊन उभी राहिली.